मॉड टाकलेला स्कायरिम सारखा क्रॅश होतोय? आधी तो हुकमी पाडता येतो का बघा

मॉड, म्हणजे खेळणाऱ्यांनीच बनवलेले बदल, टाकलेला स्कायरिम हा गेम क्रॅश झाला, म्हणजे मधेच बंद पडला, की बहुतेक जण करतात तेच मीही कितीतरी वर्षं करत होते. शेवटी टाकलेला मॉड काढायचा, गेम पुन्हा चालू करायचा, दहा मिनिटं इकडेतिकडे फिरायचं आणि पडला नाही की 'सुटले बाई एकदाची' म्हणून पुढे खेळायला लागायचं. दुसऱ्या दिवशी परत तेच. चित्र क्षणभर गोठतं, आवाजाचा एक तुकडा अडकून घरघरतो आणि समोर डेस्कटॉप. एररची खिडकी नाही, काही नाही.

यात माझं काय चुकत होतं ते एका मोडक्या गाडीने शिकवलं. ती गोष्ट खाली येतेच. तोवर एवढं धरून चला: जो क्रॅश हवा तेव्हा घडवून आणता येत नाही, तो गेला की नाही हेही कळत नाही. म्हणून मॉड काढायला हात घालण्याआधी क्रॅश हुकमी पाडता येतो का, ते बघायचं.

पुढचं सगळं गेमच्या स्पेशल एडिशनबद्दल आहे, विंडोजवर आणि मॉड ऑर्गनायझर २ या मॉड लावायच्या प्रोग्राममधून चालवलेल्या. त्याऐवजी व्होर्टेक्स वापरत असाल तर बटणं वेगळी असतील, बाकी फार फरक नाही.

नेमका कधी पडतो?

'माझा गेम क्रॅश होतो' या वाक्यातून काहीच कळत नाही. मेनूच्या आधी पडतो, सेव्ह उघडताना पडतो, ठरावीक जागी पडतो की कुठेही, कधीही पडतो? या चौघांची कारणं वेगळी आणि उपायही वेगळे. एकाचा उपाय दुसऱ्याला लावणं म्हणजे आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी.

मेनूच्या आधीच पडत असेल तर खरं म्हणजे आनंद माना. तो क्रॅश आयताच हुकमी असतो, दर वेळी तीस सेकंदांत घडतो. कारणंही मोजकीच. पहिलं, एखाद्या प्लगइनला (मॉडने घातलेल्या-बदललेल्या वस्तूंच्या नोंदींची फाइल) लागणारा मास्टर, म्हणजे तो ज्या प्लगइनवर अवलंबून आहे तो, जागेवर नाही. मॉड ऑर्गनायझर उजवीकडच्या यादीत त्या प्लगइनसमोर इशाऱ्याचं चिन्ह दाखवतो, पण आपण ते रोज बघून बघून न बघायला शिकलेलो असतो. मेनूतला धूर आणि ड्रॅगनचं चिन्ह दिसलं पण खालचे शब्द उमटायच्या आत गेम गेला, तर आधी इथेच बघा.

दुसरं कारण आवृत्तीचं. मूळ गेम नोव्हेंबर २०११ चा, ३२ बिटचा. स्पेशल एडिशन ऑक्टोबर २०१६ मध्ये आली, ती ६४ बिटची. तिची १.५.९७ ही आवृत्ती बराच काळ टिकली, म्हणून कितीतरी मॉड तिच्यावर बेतलेले आहेत. नोव्हेंबर २०२१ मध्ये ॲनिव्हर्सरीच्या अपडेटबरोबर १.६ ची मालिका सुरू झाली, डिसेंबर २०२३ मध्ये १.६.११३० आली आणि जानेवारी २०२४ मध्ये १.६.११७०. गेमची मुख्य फाइल बदलली की तिच्या आतल्या सगळ्या कामांचे पत्ते सरकतात, आणि एसकेएसईवर (मॉडना गेममध्ये खोलवर हात घालू देणारा जोडप्रोग्राम) चालणाऱ्या मॉडच्या डीएलएल, म्हणजे कोडच्या फाइल, त्या पत्त्यांवरच विसंबून असतात. ॲड्रेस लायब्ररी नावाचा मॉड याचसाठी आहे. डीएलएल तिला 'अमुक क्रमांकाचं काम कुठे आहे' असं विचारते, आणि ती चालू आवृत्तीतला पत्ता सांगते. पण तिची १.५ साठीची फाइल वेगळी आणि १.६ साठीची वेगळी. चुकीची घेतली तर विचारणाऱ्याला उत्तरच मिळत नाही. एसकेएसई स्वतः आवृत्ती जुळत नसेल तर तसं सांगते, डीएलएल मात्र बऱ्याचदा मुकाट्याने मरतात.

याच गटातली नवी भानगड म्हणजे हलके (ईएसएल) प्लगइन. १.६.११३० पासून एका हलक्या प्लगइनमध्ये २०४८ ऐवजी ४०९६ नवे रेकॉर्ड मावतात आणि अशा फाइलच्या माथ्यावर १.७१ हा आकडा असतो. जुन्या आवृत्तीच्या गेमला ती फाइल झेपत नाही. बॅकपोर्टेड एक्स्टेंडेड ईएसएल सपोर्ट हा छोटासा मॉड टाकला की झेपते. आणि पूर्ण प्लगइनची मर्यादा २५४ आहे, हे माहीत असूनही मोजायचं राहून जातं. हलके ४०९६ पर्यंत चालतात, ते या २५४ मध्ये धरत नाहीत.

सेव्ह उघडताना पडत असेल तर सरळ नवा गेम सुरू करून बघा. नवा चालला आणि जुनी सेव्ह पडली, तर दोष बहुतेक सेव्हमध्ये आहे, म्हणजे तुम्ही मधेच काहीतरी काढलंय. स्क्रिप्ट (गेममध्ये मागे चालणारे छोटे प्रोग्राम) असलेला मॉड काढला तरी त्याच्या चालू स्क्रिप्ट सेव्हमध्ये तशाच राहतात आणि मालक गेलेल्या कुत्र्यासारख्या दारात बसून असतात. रीसेव्हर या साधनाने त्या साफ करता येतात. मी स्वतः मात्र ते शेवटचा उपाय म्हणून ठेवते. साफ केलेली सेव्ह उघडते, वीस तास चालते आणि मग एखादा क्वेस्ट (गेममधली कामगिरी) पुढे सरकत नाही, असं दोनदा झालंय. जुनी सेव्ह शोधून तिथून खेळणं जिवावर येतं खरं, पण ते परवडतं.

राहिले दोन: ठरावीक जागी पडणारा आणि कुठेही पडणारा. या दोघांवरच माणसं महिने घालवतात.

मोडक्या गाडीची गोष्ट

माझा क्रॅश रिव्हरवुड गावाहून व्हाइटरन शहराकडे उतरताना व्हायचा. कधी व्हायचा, कधी नाही. मी शेवटचे तीन मॉड टाकले होते, त्यातला एक रस्त्यांवरच्या उजेडाचा. संध्याकाळच्या सुमारास क्रॅश झाल्याचं आठवत होतं, म्हणजे उजेडाचाच मॉड, नाही का? काढला. त्या दिवशी दोन तास खेळले, एकदाही पडला नाही. मी मनातल्या मनात त्या मॉडला शिव्याही घातल्या. तिसऱ्या दिवशी भर दुपारी, स्वच्छ उन्हात, त्याच उतारावर गेम पडला.

कावळा बसायला आणि फांदी मोडायला, तसं झालं होतं. ते दोन तास मी नकाशावरून थेट व्हाइटरनला उडी मारत होते. चालत एकदाही गेले नव्हते. म्हणजे मी दुरुस्ती तपासलीच नव्हती, फक्त क्रॅश होतो त्या रस्त्याने गेले नव्हते.

मग शहाणपणाने एक गोष्ट केली. रिव्हरवुडच्या वेशीबाहेर उभी राहून पूर्ण सेव्ह केली, क्विकसेव्ह नाही. गेम बंद केला, नव्याने उघडला, ती सेव्ह उघडली आणि काहीही न करता सरळ रस्त्याने चालत राहिले. हनिंगब्रू मीडरी (मधाच्या दारूची भट्टी) दिसायला लागायच्या थोडं आधी, एका खडकापाशी पडला. परत तीच सेव्ह, परत तोच खडक. चार वेळा केलं, चारही वेळा खडकाच्या आसपास दहाबारा पावलांत. क्रॅश हुकमी मिळाला. त्या रात्री मला जितका आनंद झाला तितका तो जाण्याचाही नंतर झाला नाही.

पण खडकापाशी काहीच नव्हतं. झाडं, गवत, खडक. मी त्या खडकाच्या मागे लागले, दगडांचे मॉड बदलले, गवत बंद केलं. काही फरक नाही. मग सहज म्हणून उलट बाजूने गेले, व्हाइटरनच्या तबेल्यापासून रिव्हरवुडकडे. तेव्हा पडला तो खडकाच्या कितीतरी अलीकडे, मीडरीपर्यंत पोचायच्याही आधी.

एकाच दोषाच्या दोन जागा कशा? याचं उत्तर गेम जमीन कशी उघडतो त्यात आहे. स्कायरिमचं बाहेरचं जग चौकोनी घरांत विभागलेलं आहे, प्रत्येक घर ४०९६ एकक लांब आणि तितकंच रुंद, म्हणजे साधारण अठ्ठावन्न मीटर. तुम्ही ज्या घरात उभे असता ते मधलं धरून पाच बाय पाच, अशी पंचवीस घरं एका वेळी पूर्ण उघडलेली असतात. पुढच्या घरात पाऊल टाकलं की दोन घरं पलीकडची अख्खी ओळ नव्याने उघडते आणि मागची मिटते. म्हणजे ज्या वस्तूने गेम पडतो ती तुमच्या पायाशी नसतेच. ती चालायच्या दिशेने दोन घरं पुढे असते.

कागदावर रस्ता काढला. एका टोकाला खडक, दुसऱ्या टोकाला तबेल्याकडून पडायची जागा. खडकापासून दोन घरं पुढे आणि दुसऱ्या जागेपासून दोन घरं उलट दिशेने मोजलं, तर दोन्ही बोटं एकाच घरावर आली. मीडरीच्या जवळचं घर. आणि नकाशावरून उडी मारल्यावर काही का होत नव्हतं तेही कळलं: उडी मारून मी जिथे उतरायची तिथून ते घर पंचवीसच्या बाहेर राहायचं.

त्या घरात थेट उतरून बघायलाही सोय आहे. मेनूतच कन्सोल (आज्ञा टाइप करायची खिडकी) उघडून 'सीओडब्ल्यू', मग जगाचं नाव टॅमरिएल आणि घराचे दोन आकडे दिले की नव्या, रिकाम्या पात्रासह तिथे पोचता. नाव असलेल्या जागेसाठी 'सीओसी' आणि जागेचं नाव. अशा पात्राने पुढे खेळायचं नाही, क्वेस्ट नीट सुरू झालेले नसतात. चाचणीला मात्र उत्तम, कारण जुन्या सेव्हचा कचरा मधे येत नाही. मी उतरले आणि गेम जागच्या जागी पडला. म्हणजे सेव्हचा दोष नाही, जागेचाच आहे.

(जाता जाता: सेटिंगमधला हा पाचाचा आकडा वाढवून सात केला तर दूरवरचं छान दिसतं, असा सल्ला अजूनही फिरतो. सात म्हणजे एकोणपन्नास घरं. शिवाय सातवर केलेली सेव्ह नंतर पाचवर उघडताना पडते. हात लावू नका.)

लॉग कसा वाचायचा

आता लॉगकडे. स्कायरिम स्वतःहून क्रॅशचा लॉग, म्हणजे पडताना काय चाललं होतं त्याची नोंद, लिहीत नाही, त्यासाठी क्रॅश लॉगर नावाचा मॉड लागतो आणि त्याला एसकेएसई आणि ॲड्रेस लायब्ररी लागतात. लॉग मिळतात ते डॉक्युमेंट्समध्ये, माय गेम्सच्या आत स्कायरिम स्पेशल एडिशन, त्याच्या आत एसकेएसई या फोल्डरमध्ये. फाइलच्या नावातच तारीख आणि वेळ असते.

लॉग उघडला की पहिल्यांदा भोवळ येते. घाबरू नका, त्यातलं नव्वद टक्के वाचायचंच नसतं. सगळ्यात वर एक ओळ असते: अनहँडल्ड एक्सेप्शन, ॲक्सेस व्हायोलेशन, आणि पुढे कुठल्या फाइलमध्ये ते घडलं तिचं नाव. ॲक्सेस व्हायोलेशनचा अर्थ इतकाच, की प्रोग्रामने मेमरीतल्या अशा पत्त्याला हात घातला जिथे त्याचं काही नव्हतं. हे जवळजवळ प्रत्येक लॉगमध्ये असतं, त्यामुळे ते शब्द शोधयंत्रात टाकून काही हाती लागत नाही. बघायचं ते फाइलचं नाव. ते एसकेएसईच्या एखाद्या डीएलएलचं असेल, तर त्या मॉडची तुमच्या आवृत्तीसाठीची फाइल घ्या, अर्धी कामं इथेच संपतात. ग्राफिक्स ड्रायव्हरच्या डीएलएलचं असेल तर ओव्हरले (गेमवर दिसणारे दुसऱ्या प्रोग्रामचे थर), ईएनबी (चित्र खुलवणारा जोड), ड्रायव्हर या दिशेने जा. आणि खुद्द गेमच्या मुख्य फाइलचं असेल, जे बहुतेकदा असतं, तर खाली उतरा.

खाली रजिस्टर्स आणि स्टॅक असे दोन भाग असतात. गेम पडला त्या क्षणी तो कशाकशाशी खेळत होता त्याची ही यादी. तिच्यात वस्तूंची नावं, मेश (वस्तूचा आकार) आणि टेक्स्चर (त्यावरचं चित्र) यांच्या फाइलची नावं आणि प्लगइनची नावं येतात. काही ओळींत आठ अक्षरी क्रमांक असतात. त्यातले पहिले दोन म्हणजे प्लगइनची उजवीकडच्या यादीतली जागा: ०० हा मूळ स्कायरिम, ०१ अपडेट, ०२ डॉनगार्ड, ०३ हार्थफायर, ०४ ड्रॅगनबॉर्न, पुढे तुमचे मॉड. सुरुवातीला 'एफई' असेल तर हलका प्लगइन, त्याच्या पुढची तीन अक्षरं कितवा ते सांगतात. 'एफएफ' असेल तर ती वस्तू खेळताना तयार झाली, कुठल्याच प्लगइनमध्ये सापडणार नाही. आणि सगळी शून्यं होऊन शेवटी १४ असेल तर ते तुम्ही स्वतः, म्हणजे खेळाडूचं पात्र. ते बहुतेक लॉगमध्ये असतं. एकाने आपल्या पात्राचाच चेहरा तीनदा नव्याने बनवला होता, लॉगमध्ये नाव आलं म्हणून.

यातूनच सगळ्यात मोठी चूक होते. लॉगमध्ये एखाद्या मॉडचं नाव दिसलं की माणसं तो काढून टाकतात. पण लॉग सांगतो तो घटनास्थळी कोण हजर होतं ते. एखाद्या झाडाची नोंद पाच मॉडनी बदललेली असेल तर नाव येतं ते बहुतेक सर्वांत शेवटी बदलणाऱ्याचं, आणि त्याने कदाचित नुसता झाडाचा रंग बदललेला असतो. चोर सोडून संन्याशाला फाशी. म्हणून एका लॉगवर कधीच विश्वास ठेवायचा नाही. हुकमी क्रॅश हाती असला की तीन लॉग पाच मिनिटांत जमतात. ते शेजारी शेजारी उघडायचे आणि तिन्हींत समान काय आहे एवढंच बघायचं.

माझ्या पहिल्या लॉगमध्ये एका रक्षकाचं, एका कोल्ह्याचं आणि उजेडाच्या मॉडचं नाव होतं. दुसऱ्यात कोल्हा नव्हता. तिसऱ्यात रक्षकही नव्हता, उजेडही नव्हता. तिन्हींत होती ती एका गाडीच्या मेशची फाइल. रस्त्याकडेला पडलेली मोडकी गाडी, शोभेची.

आता ही फाइल कुठल्या मॉडची? इथे मॉड ऑर्गनायझरच्या उजव्या बाजूचा डेटा हा टॅब कामाला येतो. फाइलचं नाव टाकलं की ती शेवटी कुठल्या मॉडमधून गेमपर्यंत पोचतेय ते दिसतं. निघाला एक जुना सजावटीचा मॉड, मूळ ३२ बिटच्या गेमसाठी केलेला. मीच तो ओढून आणला होता. त्याचा प्लगइन नव्या साच्यात सेव्ह करून फॉर्म (साच्याचा क्रमांक) ४३ चा ४४ केला होता आणि झालं काम असं समजले होते. पण प्लगइन म्हणजे फक्त नोंदवही. गाडीची मेश जुन्याच घडणीची राहिली होती, आणि जुन्या मेशमधल्या पट्ट्यांच्या त्रिकोणरचनेवर स्पेशल एडिशन अडखळते, कधीकधी पडते. जुन्या मेश नव्या घडणीत आणणाऱ्या कॅथेड्रल ॲसेट्स ऑप्टिमायझरमधून मॉडचं अख्खं मेश फोल्डर फिरवून घेतलं. मग वेशीबाहेरची तीच सेव्ह, तोच रस्ता, पाच वेळा. तबेल्याकडून तीन वेळा. मेनूतून थेट उडी, दोन वेळा. नाही पडला. उजेडाचा मॉड परत लावला.

गाडी अजून तिथे आहे. चांगली दिसते.

डावीकडची यादी आणि उजवीकडची यादी

या प्रकरणातून निघालेला एक मुद्दा, ज्यात नवीन माणसं हमखास गल्लत करतात. मॉड ऑर्गनायझरमध्ये डावीकडे मॉडची यादी असते आणि उजवीकडे प्लगइनची. डावीकडचा क्रम ठरवतो की एकाच नावाची फाइल दोन मॉडमध्ये असेल तर कुणाची चालणार. उजवीकडचा क्रम ठरवतो की एकाच वस्तूची नोंद दोन प्लगइनमध्ये असेल तर कुणाची चालणार. लूट हे साधन फक्त उजवीकडची यादी लावतं. 'मी लूट चालवलं, तरी क्रॅश होतोय' म्हणणाऱ्याचा दोष डावीकडे असू शकतो आणि लूटला तो दिसतच नाही. शिवाय लूट क्रम लावतं, भांडण मिटवत नाही. दोन मॉडनी एकाच गावाचे रस्ते वेगवेगळे आखले असतील तर त्यांना कुठल्याही क्रमाने ठेवा, दोघांना जुळवणारा पॅच लागणारच. ते बघायला एसएसईएडिट हे साधन.

लॉगमधून काहीच निघालं नाही तर

मग अर्ध्या अर्ध्याने शोधायचं. कंटाळवाणं आहे, पण गणित आपल्या बाजूने आहे. २४० मॉड असले तरी दर वेळी निम्मे बंद केले की आठ फेऱ्यांत एकावर येता. हुकमी क्रॅशशिवाय मात्र हे करूच नका. 'या फेरीत पडला नाही' याचा अर्थच लागत नाही आणि आठच्या ऐंशी फेऱ्या होतात.

दोन काळज्या. एक, मॉड ऑर्गनायझरमध्ये वेगळी प्रोफाइल करून हा प्रयोग करा, सेव्हही त्या प्रोफाइलच्या वेगळ्या ठेवा. निम्मे मॉड बंद करून खरी सेव्ह उघडली आणि चुकून ऑटोसेव्ह झाली, की आधीच्या दुखण्यात नव्याची भर. चाचणी मेनूतून थेट उडी मारूनच करा. दोन, निम्मे म्हणजे डोळे मिटून निम्मे नव्हे. मास्टर आणि त्यावर अवलंबून असलेले एकत्र बंद करायचे, नाहीतर मेनूच्या आधीच पडेल आणि तुम्ही भलत्याच क्रॅशचा पाठलाग करत बसाल.

कुठेही, कधीही पडतो तो

दर वेळी जागा वेगळी, लॉग वेगळा, तीन लॉगमध्ये समान काहीच नाही. असं असेल तर मॉड शोधणं थांबवा, कारण असं वागणं बहुतेक मेमरीचं असतं.

आधी पेजफाइल बघा, म्हणजे रॅमला जोड म्हणून विंडोज ड्राइव्हवर ठेवतं ती फाइल. विंडोज प्रोग्रामना जी मेमरी देऊ शकतं तिची कमाल मर्यादा म्हणजे रॅम अधिक पेजफाइल. प्रोग्राम मेमरी मागतो तेव्हा तिचा हिशेब लगेच धरला जातो, मग ती वापरली जावो न जावो. त्यामुळे टास्क मॅनेजरमध्ये रॅम मोकळी दिसत असतानाही ही मर्यादा संपू शकते आणि पुढची मागणी नाकारली गेली की गेम पडतो. रॅम भरपूर आहे म्हणून पेजफाइल बंद करा, हा सल्ला ऐकून ज्यांनी ती बंद केली त्यांचे क्रॅश हमखास या जातीचे. जड मॉड लावणाऱ्यांत सुरुवातीचा आकार २० जीबी आणि कमाल ४० जीबी असा ठेवण्याची पद्धत आहे. प्रगत सिस्टीम सेटिंगमध्ये परफॉर्मन्स, त्यात व्हर्च्युअल मेमरी, आणि ड्राइव्ह एसएसडी असावा. बदलल्यावर संगणक पुन्हा चालू करा.

त्याने फरक पडला नाही तर रॅमचा वेग ठरावीक प्रोफाइलवर वाढवून ठेवलाय का, ते बायोसमध्ये बघा. असेल तर एक दिवस मूळ वेगावर खेळा. रॅम तपासणारं मेमटेस्ट८६ रात्रभर चालू ठेवा. एकही चूक दाखवली तर मॉडच्या यादीला हात लावायची गरज नाही. दुसरे गेम नीट चालतात हा पुरावा धरू नका. शेकडो मॉडचा स्कायरिम मेमरीचे असे कोपरे चाचपतो जिथे इतर गेम जातच नाहीत.

आणखी एक सवय. गेममध्ये मेलात की गेम आपोआप शेवटची सेव्ह उघडतो. खेळता खेळता उघडलेल्या सेव्हमध्ये आधीच्या खेळातलं काहीबाही मागे राहतं. अशा दोनचार वेळा उघडल्यानंतर होणाऱ्या क्रॅशला मी गंभीरपणे घेतच नाही. आधी गेम पूर्ण बंद करून नव्याने उघडते, मग पडला तरच लॉग बघते.

माइनक्राफ्टवाल्यांसाठी थोडक्यात, कारण हे विचारलं जातंच. तिथे लॉग आयता मिळतो, क्रॅश-रिपोर्ट्स या फोल्डरमध्ये, आणि बघायचा शब्द म्हणजे 'कॉज्ड बाय'. तो अनेकदा येतो, सगळ्यात खालचा पकडायचा. सुरुवातीलाच पडत असेल तर जावाची आवृत्ती बघा: १.१६ पर्यंत जावा ८, १.१८ पासून १.२०.४ पर्यंत जावा १७, आणि १.२०.५ पासून १.२१ च्या आवृत्त्यांपर्यंत जावा २१ लागतं. हुकमी पाडण्याचं तत्त्व तिथेही तेच.

मदत मागायची वेळ आली तर एवढं द्या: गेमची पूर्ण आवृत्ती, शेवटच्या बिंदूपुढच्या आकड्यासकट, एकाच क्रॅशचे तीन लॉग, दोन्ही याद्या, आणि 'इथून ही सेव्ह उघडली, असं चाललं, इथे पडला' हे एका वाक्यात. हे वाक्य लिहिता आलं नाही तर अजून शोधायचं बाकी आहे.

माझ्याकडे एक क्रॅश अजून शिल्लक आहे. गेममधून बाहेर पडायचं बटण दाबलं की तो नीट बंद न होता क्रॅश होऊन बंद होतो. लॉगही लिहितो. सेव्ह त्याआधीच झालेली असते. तो मी तसाच ठेवलाय.